दुबईचा तोळा

शोभे, आधी माफी मागते. माझं शुद्धलेखन चौथीत जिथे सोडलं तिथेच थांबलं आहे. ऱ्हस्व कुठे आणि दीर्घ कुठे हे मी मनाने ठरवते. ज्या शब्दाचा राग आला असेल त्याला दीर्घ देते. अक्षराचं तर विचारूच नकोस, सुटलेल्या मेथीच्या जुडीसारखं पसरतं. तुला लागलं नाही तर शेजारच्या मास्तरणीकडून वाचून घे, पण मधली काही पानं तिला दाखवू नकोस.

तू नामपूरहून फोन करून विचारलंस, "दुबई कशी होती गं?" आणि मी म्हणाले, "छान होती." तू चिडलीस. पण मला फोनवर बोलता येत नाही, हे तुला लहानपणापासून माहीत आहे. समोर माणूस नसला तरी मला लाजायला होतं. म्हणून बसून लिहिते. एकच अट, हे वन्संच्या हाती लागू देऊ नकोस.

सातपूर

आमची जयू दोन वर्षांहून जास्त दुबईच्या एका दवाखान्यात नर्स होती. लग्न ठरलं, नोकरी सोडायची झाली. तिने माझं तिकीट पाठवलं. "आई, दहा दिवस ये. फिरू आणि बरोबरच परत येऊ." त्यात तिसरी आली ती ह्यांची थोरली बहीण, आमच्या शकूवन्सं, इंदिरानगरच्या. ह्यांना कंपनीतून सुट्टी मिळेना आणि मी एकटी सिन्नरच्या पुढे कधी गेले नव्हते. वन्संना कोणी बोलावलं नव्हतं. त्यांनीच फोन करून सांगितलं, "मंगलला सोबत नको का? मी येते." त्यांच्या मेहेरबानीचं तिकीट आम्हीच काढलं.

निघायच्या आदल्या दिवशी जयूने फोनवर काय आणायचं नाही ते सांगितलं. पहिलंच नाव खसखस.

वन्संनी आठवडाभर खपून डबाभर अनारसे केले होते. त्यांनी फोन माझ्या हातातून घेतला. "का गं, खसखशीने काय घोडं मारलंय त्यांचं?"

"आत्या, तिकडे ती नशेत मोजतात. पकडतात."

"अनारशाला?"

"अनारशाला."

वन्संनी डब्याकडे असं पाहिलं की जणू आतल्या कोणी घराण्याचं नाव घालवलं. संध्याकाळी गल्लीत सगळ्यांना अनारसे वाटले. दारू वाटल्यासारखे हळूच, पदराआडून. समोरचे आजोबा दोन खाऊन म्हणाले, "मला तर काहीच चढलं नाही."

दुसरी सूचना सोन्याची होती. खरं सोनं अंगावर घालून निघालो तर जातानाच मुंबईच्या विमानतळावर त्याची नोंद करून कागद घ्यायचा, नाहीतर येताना विचारतात की हे तिकडे घेतलं का. वन्सं म्हणाल्या, "आपलं सोनं आपल्या हातात. सरकारला सांगायला ते काय सासरे हायेत?" मी मात्र पाटल्या काढून कपाटात ठेवल्या आणि एक ग्रॅमचा हार, एक ग्रॅमच्या बांगड्या घातल्या. तुला माहीतच आहे, वरून सोन्याचं पाणी दिलेले ते. लग्नकार्यात आपण सगळ्याच घालतो आणि सगळ्याच एकमेकींना "नवीन केलास का?" असं विचारतो.

दुबई

पहिले दिवस भराभर सांगते. इमारती उंच आहेत, तू टीव्हीवर पाहिल्यास. मान दुखेपर्यंत पाहायच्या आणि मग खाली पाहायचं, तर खालीही तेवढंच स्वच्छ. रस्त्यावर एक कुत्रं दिसलं नाही. मला करमेना.

बसमध्ये पुढची जागा बायकांची असते आणि तिथे खरंच बायकाच बसतात. नाशिकला तसं नाही, तिथे "बायकांसाठी" वाचून पुरुष अंमळ तिरके बसतात.

खाणं मला आवडलं. त्यांची रोटी भाकरीएवढी मोठी, भट्टीतली, कागदात गुंडाळून देतात. वन्संनी तिच्यात आपली खुरासणीची चटणी भरली आणि बाकावर बसून खाल्ली. शेजारी एक काळा पायघोळ झगा घातलेली बाई होती. वन्संनी तिच्यापुढे तुकडा धरला. तिने खाल्ला, डोळ्यांत पाणी आलं, आणि तिने पर्समधून दोन खजूर काढून दिले. दोघी एकमेकींच्या भाषेत बराच वेळ बोलल्या. मी विचारलं, "काय म्हणाली?" वन्सं म्हणाल्या, "सुनेचं सांगत होती." त्यांना कसं कळलं ते मला कळलं नाही.

तिथे एक खाडी आहे आणि लाकडी होडीतून ती ओलांडता येते. होडी मधोमध आली तशी वन्संनी हात जोडले, पर्समधून नाणं काढलं आणि पाण्यात टाकलं, आपण गोदावरीच्या पुलावरून टाकतो तसं. होडीवाला ओरडला, "अरे, क्या फेंका?"

"पैसा. देवाला."

"इधर मत फेंको. मेरे को दो."

सगळी होडी हसली. मग जयूने सांगितलं की त्या एका नाण्याचे आपले वीस रुपयांहून जास्त होतात. वन्सं पलीकडच्या काठापर्यंत पाण्याकडेच पाहत होत्या.

सोन्याचा बाजार

आता मुद्द्यावर येते. जयूने दोन वर्षं रात्रपाळ्या करून पैसे साठवले होते. तिला लग्नात घालायला एकच चांगला हार हवा होता, स्वतःच्या कमाईचा. बाकी काही नको म्हणाली. हार पाहून आम्ही घ्यायचा, कारण शेवटच्या आठवड्यात तिला सुट्टी मिळेना.

निघताना तिने बजावलं, "आई, आत्या, नीट ऐका. वर्षापेक्षा जास्त परदेशात राहिलेल्या बाईला चाळीस ग्रॅमपर्यंतचे दागिने कर न भरता नेता येतात. तो हक्क फक्त माझा आहे. तुम्ही दोघी दहा दिवसांच्या पाहुण्या, तुम्हाला काही नाही."

"म्हणजे पाहुण्याच्या हातावर सरकार काहीच ठेवत नाय?" वन्सं म्हणाल्या.

"नाही. आणि चाळीस ग्रॅमच्या आतच घ्या."

"चाळीस ग्रॅम म्हणजे चार तोळे. मला शिकवू नको. मी सराफ बाजारात तुझ्या आज्जीबरोबर उभी राहिलेली हाय."

बाजार म्हणजे एक गल्लीच, वर लाकडी छप्पर, दोन्ही बाजूंना दुकानं. काचेमागे सोन्याचे आख्खे अंगरखेच लटकवलेले. मला ते पाहून घाबरायला झालं. एवढं सोनं एकत्र असलं की ते सोनं वाटत नाही, पितळेच्या भांड्यांच्या दुकानात आल्यासारखं वाटतं.

एका दुकानातला माणूस हिंदी बोलणारा, फार गोड. माझ्या गळ्यातल्या एक ग्रॅमच्या हाराकडे पाहून म्हणाला, "वाह दीदी, पुराना काम है." मी लाजून पदर घेतला. वन्संनी मला चिमटा काढला, म्हणजे गप्प बस. मी गप्पच होते.

वन्सं म्हणाल्या, "चार तोले में बैठनेवाला दिखाव. चार के उप्पर नही."

"चार तोला? बराबर चार तोला देता हूँ दीदी."

त्याने एक हार काढला. बारीक मण्यांचा, मधे पदक आणि पदकाखाली तीन घुंगरू. शोभे, मी इतकी वर्षं पाहिलेल्या हारांत तो सगळ्यात चांगला होता. काट्यावर ठेवला, त्याने यंत्रावर बोटं मारली आणि म्हणाला, "चार तोला. बाल बराबर." काट्यावर काही आकडे लाल चमकत होते. पण वन्सं मजुरीवरून त्याच्याशी भांडत होत्या आणि माझं लक्ष त्या भांडणाकडे होतं. त्या फार सुंदर भांडल्या. दोनदा उठून दारापर्यंत गेल्या. त्याने चहा मागवला तेव्हा चहा पिऊन तिसऱ्यांदा उठल्या. शेवटी त्याने मजुरी कमी केली आणि वन्संना "अम्मा" म्हणाला. दीदीची अम्मा झाली म्हणून त्यांनी अजून थोडी कमी करून घेतली.

माझे पाय दुखत होते, मी बाहेर बाकावर जाऊन बसले. वन्सं चांगल्याच वेळाने आल्या. बिल त्यांनीच ठेवून घेतलं. डबी माझ्या पर्समध्ये.

रात्री जयूने हार गळ्याला लावून पाहिला. आरशासमोरून हललीच नाही, एवढंच.

विमानात

विमान सुटल्यावर जयू म्हणाली, "आत्या, बिल द्या. मुंबईला विचारलं तर हाताशी असू दे."

वन्सं झोपल्या. आत्तापर्यंत तर जाग्या होत्या. जयूने हलवलं तेव्हा त्यांनी नाइलाजाने ब्लाउजमधली छोटी पिशवी काढली. तिच्यात दोन चिठ्ठ्या होत्या. एक जयूला दिली, दुसरी पुन्हा आत गेली. मी पाहिलं, पण मी कशाला बोलू.

जयूने चिठ्ठी वाचली आणि तिचा चेहरा उतरला.

"आत्या, सेहेचाळीस ग्रॅम?"

"कसले सेहेचाळीस? चार तोळे हाय ते."

"इथे लिहिलंय. सेहेचाळीस ग्रॅमच्या वर."

"त्याने खोटं लिहिलं असंल."

जयूने फोनवर काहीतरी पाहून ठेवलं होतं बहुतेक, किंवा दवाखान्यात कोणी सांगितलं असेल. म्हणाली, "आपल्याकडे सराफ दहा ग्रॅमला तोळा म्हणतो. दुबईचा तोळा साडेअकराच्या वर असतो. जुना, पूर्वीचा. तुम्ही चार तोळे मागितले, त्याने चार तोळे दिले."

वन्संनी विचार केला. "मग फायदाच झाला ना! सहा ग्रॅम जास्त आलं."

"जास्तीचे पैसेही घेतले त्याने!"

"आं?" आता वन्सं खऱ्या जाग्या झाल्या. "तरीच मला वाटलं, तो मजुरी इतकी कमी का करतोय."

मग तिघींची जी कुजबुज सुरू झाली ती ढग संपेपर्यंत संपली नाही. जयूबरोबरच्या एका मुलीने बांगडी लपवून आणली होती. ती पकडली, बांगडी ठेवून घेतली आणि ती सोडवता सोडवता मुलीच्या नाकी नऊ आले. जयू ते सांगताना रडायला लागली. "सहा ग्रॅमसाठी आख्खा हार गेला तर?"

वन्सं म्हणाल्या, "सहा ग्रॅम काय, आपण तिघी घालू. पदक मी घालते, मणी मंगल घालंल."

"आत्या, तुम्हाला शून्य आहे. तुम्ही घातलं तर तेही जास्त."

"मग अंबाड्यात खोवते. माझ्या अंबाड्यात कोण हात घालणार हाय?"

मला हसू आलं. खरंच सांगते, पोरगी रडत होती आणि मला त्या अंबाड्यात घुंगरू वाजताना दिसत होते. मी खिडकीकडे तोंड केलं.

शेवटी ठरलं असं की मुंबईला उतरल्यावर हिरव्या पाटीच्या वाटेने सरळ बाहेर पडायचं. तिथे दोन वाटा असतात. ज्याच्याकडे सांगण्यासारखं काही नाही त्याने हिरवीने जायचं, ज्याच्याकडे आहे त्याने लालने. जयू डोळे पुसत म्हणाली, "सहा ग्रॅम कोण मोजतंय. ताठ चालायचं, इकडेतिकडे बघायचं नाही."

वन्सं खूश झाल्या. "हिरवाच. सौभाग्याचा रंग हाय." मला म्हणाल्या, "आणि तू तोंड उघडू नको."

हे मला सांगायची गरज नव्हती. लोकांना वाटतं मला खोटं बोलता येत नाही. तसं काही नाही. मला बोलताच येत नाही. पण न बोलताही माझा चेहरा सगळं सांगतो. लहानपणी तू गूळ चोरायचीस आणि आई माझं तोंड बघून तुला मारायची, आठवतं?

मुंबई, लाल वाट

सामानाची ढकलगाडी माझ्याकडे होती. जयूने दिली. डबी माझ्या पर्समध्ये. समोर दोन पाट्या. हिरव्या वाटेवर एक पांढऱ्या वर्दीतला माणूस उभा होता आणि येणाऱ्या प्रत्येकाच्या चेहऱ्याकडे पाहत होता. माझ्या चेहऱ्याकडे त्याने अजून पाहिलं नव्हतं. पण पाहिलं असतं तर झालंच होतं. वीस पावलांवरून माझे कान गरम झाले.

मी गाडी वळवली.

मागून वन्सं, "मंगल! इकडं! अगं हिरवं!"

मी थांबले नाही. सामान माझ्याकडे, सोनं माझ्याकडे, त्यांना येणं भागच होतं. त्या मागून चपला फटफटवत आल्या. "हिला रंग कळंनात का?" असं जयूला विचारत होत्या.

लाल वाटेवर टेबलामागे एक तरुण साहेब बसला होता. मी वाटेभर मनात हिंदी वाक्य जुळवलं होतं की हमारे पास सोना थोडा ज्यादा हो गया है. तोंडातून आलं ते असं, "हमारे पास बहुत सोना है."

साहेबाने माझ्या साडीकडे पाहिलं. चपलांकडे पाहिलं. मग उठूनच उभा राहिला.

"कितना?"

मी डबी काढून ठेवली. तोपर्यंत त्याचं लक्ष माझ्या गळ्याकडे गेलं होतं. "और ये? ये कितना है?"

"ये एक ग्राम है."

"ये?" तो हार पार पोटापर्यंत येतो, तुला माहीत आहे. "ये एक ग्राम है?"

"जी. बांगडी भी एक ग्राम."

तो एकदा हाराकडे, एकदा माझ्याकडे पाहू लागला. त्याला वाटलं असणार, बाई बावळट नाही, पक्की आहे. शेजारी एक मराठी कर्मचारी बाई उभी होती, ती पदर तोंडाला लावून हसत सुटली. "सर, नकली है. हमारे यहाँ नकली को एक ग्राम बोलते हैं. मेरा भी एक ग्राम है." आणि तिने आपली बांगडी दाखवली.

साहेब खाली बसला. "नकली को एक ग्राम," तो म्हणाला, "और असली को?"

"तोला," मी म्हणाले. "मगर वो बदलता है."

शोभे, मी परक्या माणसाशी आयुष्यात केलेला हा पहिला विनोद, आणि तोही मी केलेला नव्हता. पण तो हसला. मग जयूने पुढे होऊन सगळं नीट सांगितलं, व्हिसा दाखवला, बिल दाखवलं. हार काट्यावर गेला. सेहेचाळीस आणि वर थोडं. तो म्हणाला, तुम्ही स्वतःहून सांगायला आलात, मग जप्तीचा प्रश्नच नाही. चाळीस तुमचे, वरच्या सहावर ड्युटी भरा आणि जा.

ड्युटीचा आकडा ऐकून मी टेबल धरलं. लिहीत नाही, लाज वाटते. जयूने तिकडचं खातं बंद केलं होतं, त्यातले पैसे अजून इकडे जमा झाले नव्हते. कार्ड दोनदा घातलं, दोनदा नाही म्हणालं. तिच्याकडचे उरलेले दिरहम मोजले, पुरेनात. माझ्या पर्समध्ये बसच्या भाड्यापुरते. साहेब म्हणाला, हार इथे ठेवा, पावती घ्या, पैसे घेऊन या. जयूने डबीवर हात ठेवला तो उचलेना. दोन वर्षांच्या रात्री त्या डबीत होत्या आणि ती इथे ठेवून तिला नाशिकला जायचं होतं.

वन्संनी तिचा तो हात पाहिला. दहा दिवसांत पाण्याची बाटलीसुद्धा त्यांनी स्वतःच्या पैशाने घेतली नव्हती. "सुट्टे नाहीत" म्हणायच्या. त्या एकदम म्हणाल्या, "संडास कुठं हाय?"

त्या कर्मचारी बाईने दाखवला. वन्सं गेल्या त्या आल्याच नाहीत. मला वाटलं, हिरवीने गेल्या. मग आल्या, केस सावरत, हातात रबर लावलेली नोटांची सुरळी. भिशीचे पैसे, घरून निघताना अडीअडचणीला म्हणून घेतलेले, दुबईत दहा दिवस अंगावर बाळगलेले. टेबलावर ठेवले.

"घ्या. मोजून घ्या. नोटा ओल्या असतील, उकाडा लय होता."

जयूने त्यांना मिठीच मारली. मिठीतून मान काढून वन्संनी ब्लाउजमधून ती दुसरी चिठ्ठी काढली, आणि रुमालाची गाठ. गाठीत एक अंगठी. जावईबापूंना द्यायची म्हणून मी बाकावर बसले होते तेव्हा घेतलेली.

"हेबी लिहा," साहेबाला म्हणाल्या. आणि माझ्याकडे रागाने पाहून, "हिच्यासमोर उभं राहिलं की माणसाला खोटं ठेवायची चोरी होते."

साहेबाने अंगठी तोलली. वन्संनी विचारलं, "ही एक ग्रॅमची हाय म्हटलं असतं तर?"

"अब नहीं चलेगा, माँजी," तो म्हणाला. "अब मुझे मालूम है."

परत सातपूर

लग्न झालं, तू होतीसच. हार सगळ्यांनी पाहिला. पण तुला एक गंमत माहीत नाही. वन्संचं ते उसनं मी जयूकडून द्यायचं नाही असं ठरवलं होतं. गाडी मी वळवली होती. तिचे पैसे जमा झाले तरी मी तिला सांगितलं, फिटलं म्हणून. आणि दुपारी कुरडया आणि नागलीचे पापड करायला बसले. इंदिरानगरच्या बायका घेतात, त्यांना गच्चीत वाळवायला वेळ नसतो. त्यातून आलेले पैसे थोडे थोडे करून वन्संना देत गेले.

तोपर्यंत वन्सं काय करायच्या, तर जो येईल त्याला हार दाखवायच्या. हळदीला, लग्नाला, सत्यनारायणाला. जयूच्या सासूसमोर त्यांनी हाराला हात लावून सांगितलं, "हे चाळीस ग्रॅम पोरीचे. आणि हे खालचे तीन घुंगरू दिसतात ना, ते माझे." सासूबाईंना वाटलं, आत्याने लग्नात घुंगरू घातले. त्यांनी वन्संची दुसऱ्यांदा ओटी भरली. वन्संनी भरून घेतली.

मी आपले पापड लाटले.

परवा इंदिरानगरला शेवटचे पैसे घेऊन गेले. वन्सं दारातच बसल्या होत्या, तांदूळ निवडत. मी पाकीट दिलं. त्यांनी अंगठा ओला करून नोटा मोजल्या, पुन्हा मोजल्या, मग तांदळाच्या ताटाखाली ठेवल्या.

"झाले?" मी विचारलं.

"झाले."

"सगळे?"

"सगळे गं बाई. काय कागद लिहून देऊ?"

"नाही. मग ते घुंगरू?"

वन्संनी तांदळातला खडा काढला, अंगणात टाकला, आणखी एक शोधू लागल्या. सापडेना. बराच वेळ ताट इकडून तिकडे हलवलं.

"एक राहू दे माझा," त्या म्हणाल्या. "मधला."

"वन्सं, पैसे सगळे फिटले."

"माहीत हाय मला. मी मोजले ना." आणि हळूच, "पण आता मी लोकांना सांगू काय?"

मी चहा ठेवायला आत गेले. तिथून म्हणाले, "सांगा, तिन्ही तुम्हीच दिले."